माहीमची एम आणि आपल्या घरातलं येड

जेरी पिंटो हे नाव आपल्या पोरांना माहीत असलंच तर ते 'बलुतं'मुळे. दया पवारांचं 'बलुतं' १९७८ साली आलं आणि त्याला इंग्रजीत जायला २०१५ साल उजाडलं. सदतीस वर्षं! एवढ्या काळात आपल्या साहित्यावर किती चर्चासत्रं झाली, किती प्राध्यापक बढत्या घेऊन मोकळे झाले. पुस्तक मात्र शेवटी इंग्रजीत नेलं ते माहीमच्या एका गोवेकर ख्रिस्ती लेखकाने. पाठोपाठ २०१६ मध्ये मल्लिका अमर शेख यांचं 'मला उद्ध्वस्त व्हायचंय' आणि २०१८ मध्ये बाबुराव बागुलांचं 'जेव्हा मी जात चोरली होती' हेही त्यांनीच नेलं. आपलं साहित्य कुणी न्यावं, कुणी नेऊ नये, यावर भांडायला माझी ना नाही. पण ते भांडण दुसऱ्या अंकात. आज बोलायचंय ते पिंटो यांच्या स्वतःच्या कादंबरीबद्दल. कारण जो माणूस आपली तीन पुस्तकं वाहून नेतो, तो स्वतःच्या घरात काय भोगून आलाय, हे आपण कुणी बघितलेलं नाही.

'एम अँड द बिग हूम' ही ती कादंबरी. २०१२ ची. शांता गोखले यांनी ती मराठीत 'एम आणि हूमराव' या नावाने आणली. २०१६ चा साहित्य अकादमी पुरस्कार तिला आहे. पण पुरस्कारांचं कौतुक आपल्याला नको, ते करायला दुसरी मासिकं आहेत. गोष्ट थोडक्यात अशी. माहीममधलं एक बेडरूम-हॉल-किचनचं घर. आई, बाप, मुलगी, मुलगा. मेंडिस कुटुंब. आईचं नाव इमेल्डा, पण पोरं तिला एम म्हणतात. बाप ऑगस्टीन, मोजकं बोलणारा, तो हूमराव. एम बिड्या ओढते, चहावर चहा पिते, पोरांपुढे कुठल्याही विषयावर काहीही बोलते, शरीराच्या गोष्टी बोलते, शिव्या घालते, हसवून हसवून जीव घेते. आणि मग एखाद्या दिवशी ती अंधारात जाते आणि मरायला निघते. एकदा नाही, पुन्हा पुन्हा. मग जे. जे. इस्पितळाचा मानसोपचार वॉर्ड. मग पुन्हा घर. पुन्हा बिड्या. हे सगळं सांगतो तो मुलगा. पिंटो यांच्या स्वतःच्या आईच्या आजारातून हे पुस्तक आलं, हे त्यांनी लपवलेलं नाही. लिहायला वीसेक वर्षं लागली.

आमच्या अभ्यास मंडळात मी हे पुस्तक वाचायला ठेवलं तेव्हा एका कार्यकर्त्याने सरळ विचारलं, "दादा, माहीमच्या ख्रिश्चनाच्या घरात बाई येडी झाली, त्याचं आपण काय करायचं?" प्रश्न रास्त आहे. त्याचंच उत्तर द्यायला बसलोय.

पहिलं म्हणजे नकाशा बघा. जे. जे. इस्पितळ कुठे आहे? भायखळा-नागपाड्याच्या अंगाला. 'बलुतं'मधला कावाखाना तिथून चालत जाण्याच्या अंतरावर. 'गोलपिठा'ची वस्तीही तीच. म्हणजे मेंडिसांची पोरं आईला भेटायला ज्या रस्त्याने जायची, त्याच्या आसपासच दगडू मारुती पवार नावाचं पोर वाढलेलं. आणि माहीम म्हणाल, तर तिथून माटुंगा लेबर कॅम्प किती लांब? मुंबईने माणसं जातीजातीने, धर्माधर्माने गल्ल्यांत वाटली, पण सरकारी वॉर्डात मात्र एका रांगेत बसवली. त्या रांगेत आपल्याही बायका होत्या. फरक एवढाच की त्यांच्यातल्या एकीवर कादंबरी झाली आणि आपल्या बायकांवर अजून कुणी चार ओळीसुद्धा लिहिल्या नाहीत.

माझं म्हणणं हेच आहे. आपण भूक लिहिली. मेलेलं ढोर लिहिलं. पाणवठा लिहिला, मार लिहिला, बलात्कार लिहिला. पण आपल्याच घरातलं, आपल्याच माणसाचं बिघडलेलं मन आपण लिहिलेलं नाही. लिहिलं तर त्याचं प्रतीक केलं.

आता हसण्याबद्दल. मराठी माणसाला वेड्यावर हसायची जुनी सवय आहे. "याला ठाण्याला पाठवा", "हा येरवड्याचा दिसतोय", हे विनोद म्हणून चालतात. नाटकात एक वेडा आणला की प्रेक्षक हसणार याची नाटककाराला खात्री. पांढरपेशा विनोदाचं सगळं दुकानच असं आहे: शहाणे लोक ओट्यावर बसलेत आणि रस्त्याने जाणाऱ्याची गंमत चाललीय. पिंटो यांच्या पुस्तकात हे उलटं होतं. इथे विनोद करते ती वेडी. हसतात तीही वेडीच्या घरातली माणसं. ती डॉक्टरांवर विनोद करते, नवऱ्यावर करते, देवावर करते, स्वतःच्या मरायच्या प्रयत्नांवर करते. वाचणाऱ्याला हसू येतं आणि त्याच क्षणी लाज वाटते की आपण कशावर हसलो! आणि पोरांना हे माहीत असतं की आई फार जोरात हसवायला लागली म्हणजे पुढे काय येणार. तिचं हसवणं हेही आजाराचंच एक टोक असतं. असा विनोद मी मराठीत वाचलेला नाही.

वाचलेला नाही म्हटलं, ऐकलेला आहे. कारण हा विनोद आपल्याला परका नाही. भीमराव कर्डकांच्या आंबेडकरी जलशांपासून आपला सोंगाड्या हेच करत आला. खालचा माणूस वरच्याला तोंडावर बोलतो, वरच्याला हसावं की मारावं कळत नाही, आणि तेवढ्या वेळात खालच्याने आपलं म्हणणं मांडून घेतलेलं असतं. 'बलुतं'मध्ये हे हसू पानोपानी आहे. बेबीताई कांबळेंच्या 'जिणं आमुचं'मध्ये येसकर महाराच्या हातातली घुंगरांची काठी आणि ती घेऊन चालताना त्याला चढणारा राजासारखा ताठा वाचा. पोट धरून हसाल, आणि हसता हसता गिळायला जड जाईल. ऊर्मिला पवारांच्या 'आयदान'मध्ये, २००३ च्या, रत्नागिरीच्या बाजाराला डोंगर तुडवत निघालेल्या बायका दुःखाची आणि चेष्टेची एकच मोळी करून डोक्यावर घेतात. तरी आपले टीकाकार म्हणतात, दलित साहित्य म्हणजे रडगाणं. त्यांनी वाचलेलंच नाही, दुसरं काय! पण आपणही या हसण्याला मान दिला नाही हे खरं. व्यासपीठावर चढलो की आपला चेहरा दगडी होतो. विद्रोह म्हणजे कपाळाला आठ्या, असं कुणी शिकवलं कोण जाणे.

माझ्या चुलतीची गोष्ट इथे सांगणं भाग आहे. आम्ही वरळीच्या बी.डी.डी. चाळीतले. एकशेसाठ चौरस फुटांची खोली, त्यात आम्ही नऊ माणसं, आणि संडास जिन्याजवळ, सगळ्या मजल्याचे मिळून. चुलतीला महिनोन् महिने झोप यायची नाही. रात्री उठून ती नळाशी उभी राहायची आणि रेशनच्या दुकानात पुकारतात तशी मजल्यावरच्या प्रत्येकाची नावं मोठ्याने पुकारायची, आणि प्रत्येकाच्या नावापुढे त्याचं एक गुपित. कुणाची उधारी, कुणाचं लफडं, कुणी मुकादमाला किती चारले. निम्मा मजला हसायचा, निम्मा मारायला उठायचा. मग दोन-चार महिने असे यायचे की ती भिंतीकडे तोंड करून पडायची, आणि तिच्या तोंडात घास भरवावा लागायचा. शेवटी एका सरकारी इस्पितळात नेलं. डॉक्टरने विचारलं, "बाई, आज वार कुठला?" चुलती म्हणाली, "एवढं पन म्हाईत नाय, आन् पगार घेता?" माझा चुलता तिथे पहिल्यांदा हसला. सहा महिन्यांत पहिल्यांदा. पिंटो यांच्या कादंबरीत वॉर्डातली हसाहशी वाचताना मला माझा चुलता दिसला, हूमराव नाही.

आजीने तर कमाल केली. १९५६ साली नागपूरला बाबासाहेबांनी दीक्षा दिली तेव्हा घरातले देव तिने स्वतःच्या हाताने समुद्रात सोडलेले. तीच आजी एका बुधवारी कुणाला न सांगता माहीमच्या चर्चमध्ये नोवेनाला गेली आणि तिथे वाहायला तिने मेणाचं डोकं विकत घेतलं. तिथे मेणाचे हात, पाय, घरं मिळतात, ज्याचं जे दुखतं ते वाहायचं. ते डोकं वाहायच्या आधी चुलतीला दाखवलं. चुलतीने उलटसुलट करून बघितलं आणि म्हणाली, "नाक बरं हाय माज्यापेक्षा." आता या गोष्टीवर बावीस प्रतिज्ञांचा दंडा घेऊन आजीला हाणायचं असेल तर हाणा. मला ती बाई दिसते, जिने देव टाकले ते खरेच टाकले, पण सुनेचं डोकं घेऊन कुठे जायचं हे तिला कुणी सांगितलं नव्हतं.

इथे 'जिणं आमुचं' पुन्हा उघडावं लागतं. बेबीताईंनी आषाढातले दिवस लिहिलेत. पोतराज, हलगी, आणि अंगात आलेल्या बाया. वर्षभर उपाशी, खंगलेल्या, सासूच्या आणि नवऱ्याच्या हाताखाली चेचलेल्या बाया. पळून जाऊ पाहणाऱ्या सुनेच्या पायात लाकडाचा खोडा अडकवायचे, हेही त्यांनीच लिहून ठेवलं. अशा बाईच्या अंगात आलं की मात्र ती ओरडू शकायची, घुमू शकायची, आणि अख्खा महारवाडा तिच्या पायाशी. बेबीताई या अंधश्रद्धेवर तुटून पडतात, त्यात त्यांची अजिबात गय नाही. पण मी त्या पानांवर आणखी एक वाचतो. ते त्या बाईचं दुखणं होतं आणि दुखण्याला वर्षातून काही दिवस ठरवून दिलेले होते. आपण ते देव फेकले, फेकायलाच हवे होते. पण जे अंगात यायचं ते गेलं कुठे? ते काही देवांबरोबर समुद्रात बुडालं नाही. ते चाळीच्या खोलीत राहिलं. विहारात माझी चुलती ओरडायला लागली की तिला बाहेर नेऊन बसवायचे, कारण आत वंदना चाललेली. बाबासाहेबांच्या 'बुद्ध आणि त्यांचा धम्म'मध्ये मनाला केवढी जागा आहे! सगळ्याच्या मुळाशी मन. आपल्या विहारात मात्र मनाचं दुखणं घेऊन आलेल्या बाईला बसायला जागा नाही. हे कुठल्या मनुवाद्याने केलेलं नाही, मित्रांनो.

आता कारणांबद्दल. चुलती कशाने आजारी पडली? आमच्या घरात या प्रश्नाची दोन उत्तरं होती. पुरुषमाणसं सांगायची, "चौऱ्याहत्तरच्या दंगलीने." १९७४ च्या जानेवारीत वरळीला जे झालं ते आपल्याला पाठ आहे. पॅंथर, पोलीस, चाळींवर चाळींतून दगड, भागवत जाधव गेला, रमेश देवरुखकर गेला. चुलती तेव्हा पोटुशी होती. बायका सांगायच्या, "दंगल कसली? बाळंतपणात वारं भरलं." माझा चुलतभाऊ त्याच साली जन्मला. पुरुषांना दंगल का हवी होती ते मला कळतं. दंगलीने बाई येडी झाली म्हटलं की ती चळवळीची झाली. बाळंतपणाने झाली म्हटलं की नुसती येडी.

पिंटो यांच्या कादंबरीतही एम हेच सांगते. मुलगा जन्मल्यावर कुणीतरी नळ सोडून दिल्यासारखं झालं, तो पुन्हा बंद झाला नाही. आणि हे ती त्या मुलालाच सांगते! तो पोरगा हे ओझं घेऊन वाढतो. पण कादंबरी पुढे कुणाला आरोपीच्या पिंजऱ्यात उभं करत नाही. नवरा दुष्ट नाही, सासू दुष्ट नाही, गरिबी भीषण नाही. आजार आला, कारण तो आला. आपल्या वाचकाला हे पचायला जड जाणार. आपल्याला शत्रू लागतो. आपल्या कवितेत वेड येतं ते विद्रोहाचं विशेषण होऊन; कवी छातीवर हात मारून सांगतो, होय मी वेडा, मी पिसाट. ज्याच्या घरात खरं येड आहे तो असं लिहिणार नाही.

तरी या शत्रू शोधण्यात नुसता भाबडेपणा नाही, हेही सांगितलं पाहिजे. १७ जानेवारी २०१६ ला हैदराबाद विद्यापीठात रोहित वेमुला गेला. तेव्हा 'वैयक्तिक नैराश्य' हा शब्द कुणी वापरला, कशासाठी वापरला? चौकशी आयोगानेही व्यक्तिगत कारणांकडे बोट दाखवलं, आणि वसतिगृहातून काढणं, विद्यावेतन अडवणं, बहिष्कार, हे सगळं बाजूला सारलं गेलं. असं बघितल्यावर आपला कार्यकर्ता 'डिप्रेशन' हा शब्द ऐकला की मुठी आवळतो, यात त्याचं काय चुकलं? जात माणसाचं मन मोडते. ते आपण म्हणत राहू. पण जातीने न मोडलेलं मनही आपल्या घरात मोडू शकतं, आणि त्या माणसालाही औषध लागतं, पाणी लागतं, रात्री जवळ बसायला कुणी लागतं. पहिलं म्हणताना दुसरं गिळून टाकायचं काही कारण नाही. व्यवस्थेचा वकील दुसरं बोलून पहिलं लपवतो. आपण पहिलं बोलून दुसरं लपवतो. मधे मरते ती चुलती.

एक शब्द आपल्या पुस्तकांत आहे आणि त्याच्याकडे आपण आजार म्हणून बघितलेलं नाही: संशय. 'बलुतं'मध्ये सईवरचा संशय आहे आणि त्यात संसार मोडतो. बेबीताईंच्या घरातही तोच. त्यांनी 'जिणं आमुचं' नवऱ्यापासून लपवून लिहिलं, वीसेक वर्षं वह्या दडवून ठेवल्या, दुकानातल्या मोकळ्या वेळात लिहिलं. पुस्तक १९८६ साली आलं, त्यात नवऱ्याचा मार जवळजवळ नाही. तो बाहेर आला तो २००८ च्या इंग्रजी आवृत्तीतल्या मुलाखतीत, मुंबईला जाताना रेल्वेत खाल्लेल्या माराची हकीगत. पुस्तकात त्या गप्प, कारण त्यांना समाजाचं लिहायचं होतं, स्वतःचं नाही. पुस्तकाचं नावच 'आमुचं'. त्या गप्प राहण्याचा मी आदर करतो. पण ज्या चळवळीच्या बाईला समाजाचं दुःख लिहिण्यासाठी स्वतःचं दडवावं लागतं, त्या चळवळीबद्दलही ते काही सांगतं. मल्लिका अमर शेख यांनी १९८४ साली ते दडवलं नाही, चळवळीतल्या घराचं आतलं सगळं मांडलं, आणि आपल्यातल्या कित्येकांना आधी राग आला तो लिहिल्याचा, घडल्याचा नंतर. पिंटो यांनी ज्या पुस्तकांना हात घातला त्यांत 'बलुतं' आहे आणि 'मला उद्ध्वस्त व्हायचंय'ही आहे. आपल्या घरातला अंधार त्यांना आपल्याआधी दिसला असं मला वाटतं. त्यांना तो ओळखीचा होता.

एवढं कौतुक झालं, आता कादंबरीला चार गोष्टी सुनावतो.

माझ्या चुलतभावाला मी हे पुस्तक दिलं. त्याने चाळीसेक पानं वाचली आणि विचारलं, "याच्या बापाला पगार किती होता रे?" हा प्रश्न कुठल्याही इंग्रजी समीक्षकाला सुचणार नाही. हूमराव इंजिनियर आहे. दर महिन्याला पैसे येतात. बायकोला जे. जे.ला ठेवलं तरी घर चालतं, पोरांची शाळा चालते. माझ्या चुलत्याने इस्पितळाच्या फेऱ्यांसाठी गिरणीत खाडे केले आणि बदलीवर आला, मग १९८२ चा संप. ज्या घरात आजार आणि बेकारी एकदम येते तिथे हूमरावासारखं शांत राहणं कुणाला परवडतं? बाप फारच चांगला आहे, हा माझा कादंबरीवरचा मोठा आक्षेप. त्याला राग येतो का, तो मनातून कधी पळून जातो का, हे मुलाला दिसत नाही किंवा मुलगा बघत नाही. देव नको म्हणणाऱ्या पुस्तकाने बापाचा देव केला.

दुसरं म्हणजे कागद. एम चिठ्ठ्या लिहिते, वह्या लिहिते, तिची पत्रं घरात आहेत. पोरगा ते कागद उलगडत आईला शोधतो. लग्नाआधी टायपिस्टची नोकरी करणारी, कमावलेला पगार आईच्या हातावर ठेवणारी इमेल्डा त्याला त्यातून सापडते. आपल्याकडे काय आहे? माझ्या चुलतीचा अंगठा. एक रेशनकार्ड, एक केसपेपर, त्यावर डॉक्टरचं न वाचता येणारं अक्षर. एमचे विनोद वाचले कारण ते लिहिलेले होते. चुलतीचे विनोद, तिला ओळखणारी आम्ही सात-आठ माणसं संपलो की संपले.

जात हा या कादंबरीचा विषय नाही. गोव्याच्या ख्रिस्त्यांत बामण, चार्दो, सुदीर अजून आहेत, क्रुसाखालीही उतरंड तशीच. ज्याने 'बलुतं' भाषांतरित केलं त्याच्याकडून आपण याची अपेक्षा केली तर ती चुकीची ठरू नये. पण कादंबरी 'बलुतं'च्या भाषांतराआधीची, हेही लक्षात घ्या. स्थलांतराची आठवण मात्र तिच्यात फार सुंदर आहे. एमची माणसं गोव्याची, ब्रह्मदेशात गेलेली, महायुद्धात तिथून उखडून परत आलेली. तिची आई बोलताना नावंच घेत नाही; 'हे', 'ते', 'ते कर', 'ते आण'. इतक्या भाषांतून फिरली की प्रत्येक भाषेतल्या वस्तूंची नावं वाटेत गळून पडली. वाचताना मला आमच्या आजीचं 'ह्येचं त्ये' आठवलं. समाजाची आठवण म्हणजे नुसती महापुरुषांच्या सभांची आठवण नसते. म्हातारीच्या बोलण्यातून कुठले शब्द गळाले, हीही आठवणच.

आणि एक भीती आहे पुस्तकात, ती आपल्या पोरांनी वाचावी. मुलाला वाटत राहतं, हे आपल्यातही येईल का? आपण हसतोय ते साधं हसणं आहे की आईचं? माझ्या चुलतभावाने हे कुणाला कधी बोलून दाखवलं नव्हतं. त्याला सोयरिकी आल्या आणि मोडल्या, कारण चाळीत सगळ्यांना माहीत. घरात असलेल्या आजाराची किंमत पोरांना सोयरिकीत मोजावी लागते, हा मुद्दा आपल्या कुठल्या परिषदेत आलाय? पिंटो यांनी २०१६ मध्ये 'अ बुक ऑफ लाइट' नावाचा संग्रह काढला. ज्यांच्या घरात असा आजार आहे अशा माणसांनी आपापल्या घरातलं लिहिलेलं. तसं वस्तीतून कुणी लिहील का? कायद्यांचं बोलायचं तर आत्महत्येचा प्रयत्न हा एमच्या काळात गुन्हा होता, ३०९ कलम. २०१७ च्या मानसिक आरोग्य कायद्याने त्याचे दात काढले आणि जुलै २०२४ पासूनच्या नव्या संहितेत ते कलमच राहिलं नाही. उपचार मिळणं हा हक्क झालाय. पण त्या कायद्याची मराठी प्रत हातात घेऊन वस्तीत फिरणारा कार्यकर्ता मी अजून बघितलेला नाही. ॲट्रॉसिटीची कलमं आपल्याला तोंडपाठ, ही मात्र नाहीत.

कादंबरीच्या शेवटी एम मरते. इतक्यांदा मरायला निघालेली बाई शेवटी हृदयाने मरते, साध्या मरणाने. घरच्यांना कळत नाही याचं काय करायचं. मोठं काही घडणार म्हणून जन्मभर जीव मुठीत धरलेला, आणि घडलं ते एवढंच. ही पानं मला पुस्तकातली सगळ्यात चांगली वाटतात. आपल्या साहित्यात मरण नेहमी हुतात्म्याचं किंवा बळीचं. साधं मरण आपण अजून लिहायला शिकतोय.

चुलती १९९८ साली काविळीने गेली. पुण्यानुमोदनाला वस्तीतले पुढारी आले, माईक आला. एकजण बोलायला उभा राहिला. म्हणाला, आमच्या ताई म्हणजे समाजाने छळलेल्या, कष्टाळू, सोशिक, शांत... 'शांत' शब्द आला आणि बायकांच्या रांगेत कुणीतरी फिस्सकन हसलं. मग शेजारची. मग अख्खी रांग पदर तोंडाला लावून हसायला लागली. पुढारी गोंधळून थांबला, त्याला वाटलं आपल्याच कपड्यांना काहीतरी लागलंय. माझा चुलतभाऊ पुढे गेला, त्याच्या हातातला माईक घेतला आणि आईने एकेकाळी नळाशी उभं राहून पुकारलेली नावं एकेक करून घ्यायला लागला.